भावकीतला खून आणि कोर्टात "मला काही माहीत नाही"

कडुनिंब:

नमस्कार मंडळी. चार वर्षं इथे फक्त वाचतेय, लिहितेय पहिल्यांदाच. गावाचं नाव मुद्दाम देत नाही.

माझ्या चुलतभावाचा २०१८ साली खून झाला. कारण काय, तर सामायिक विहिरीवरची मोटार, कुणाची पाळी किती वाजता संपते, आणि दरवर्षी नांगरताना वीतभर सरकणारा बांध. मारणारे दोघंही भावकीतलेच. आडनाव एक, सुतक एक. म्हणजे दादा गेला तेव्हा ज्यांनी मारलं त्यांच्या घरालाही सुतक होतं आणि त्यांच्या बायकांनी ते पाळलं. हे मी कुणालाही सांगितलं की लोक गप्पच होतात.

खटला आत्ता उभा राहिलाय. पहिला पंच, म्हणजे पंचनाम्यावर सही करणारा, आला, म्हणाला पोलिसांनी कोऱ्या कागदावर सही घेतली. दुसरा साक्षीदार म्हणजे ज्याने दादाला स्वतःच्या पिकअपमध्ये घालून तालुक्याला नेलं तो. त्याच्या गाडीच्या फाळक्यावरचे डाग आईने स्वतः धुतलेत. तो कोर्टात म्हणाला मी त्या दिवशी गावातच नव्हतो. तिसरे माझे बाबा. ते मोटारीच्या खोलीपाशी होते, त्यांनी डोळ्यांनी पाहिलंय. समन्स आलंय १८ तारखेचं. ते त्यांनी देव्हाऱ्यामागे सारून ठेवलंय आणि जेवताना कुणाशी बोलत नाहीत.

आजी म्हणते गेलेला परत येणारे का, राहिलेल्यांचं बघा. आणि आजी वाईट बाई नाहीये हो, दादाला तिनेच वाढवलंय.

मला विचारायचंय ते एवढंच, की साक्ष दिल्यावर गावात कसं राहायचं? यातून कुणी गेलंय का?

रानवाट:

ताई, वाचून पोटात गोळा आला. बाबांनी साक्ष द्यावी असं मला मनापासून वाटतं. त्यांनीही नाही सांगितलं तर मग सांगायला राहिलं कोण?

शेवंता०७:

रानवाट, तुमचं बरोबर आहे पण हे लांबून म्हणणं सोपं असतं. माझ्या मामांनी अशीच साक्ष दिली होती. आरोपी सुटले, कारण बाकीचे सगळे फुटले होते. मग काय झालं ऐका. कुणी शिवी दिली नाही, अंगावर हात टाकला नाही. फक्त ट्रॅक्टरवाला "उद्या येतो" म्हणायचा. दुसऱ्या दिवशी फोन केला की परत "उद्या येतो". शेजारचं वावर पेरून उगवून आलं तरी मामांची जमीन तशीच. मजूर बाया दुसरीकडे जायच्या. मामीच्या हळदीकुंकवाला सात बायका आल्या, आधी पन्नास यायच्या. याची तक्रार कुणाकडे आणि काय करणार? ट्रॅक्टरवाला आला नाही अशी?

कडुनिंब, मी साक्ष देऊ नका म्हणत नाहीये. फक्त किंमत काय आहे ते आधी कळू दे घरात सगळ्यांना.

पाटकरी:

सामाजिक बहिष्कारविरोधी कायदा आहे ना आपल्याकडे? २०१६ चा. ३ वर्षांपर्यंत कैद, १ लाखापर्यंत दंड.

शेवंता०७:

आहे की, जुलै २०१७ पासून लागू आहे. पण तो जिथे जातपंचायत बसते, ठराव होतो, दंड लावला जातो तिथे कामाला येतो. आमच्याकडे कुणी बसलंच नाही कुठे. ठरवलं कुणीच नाही आणि पाळलं मात्र सगळ्यांनी.

काळाकोट:

सत्र न्यायालयात २२ वर्षं वकिली करतोय, दोन्ही बाजूंनी केस चालवल्यात, म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

पहिली गोष्ट, दोन साक्षीदार फितूर झाले म्हणजे केस गेली असं अजिबात नाही. फितूर साक्षीदाराची अख्खी साक्ष पुसली जात नाही, त्यातला विश्वासार्ह भाग कोर्ट घेऊ शकतं. सर्वोच्च न्यायालयाने फार पूर्वीच हे स्पष्ट केलंय, भगवान सिंग विरुद्ध हरियाणा. पंच फिरला तरी हत्याराची जप्ती लगेच वाया जात नाही, तपास अधिकाऱ्याची साक्ष भरवशाची वाटली तर त्यावरही ती सिद्ध होते.

दुसरी गोष्ट फार महत्त्वाची. तुमच्या बाबांना गावात कुणीतरी नक्की सांगितलं असणार की "तू चुलता, तुझी साक्ष कोर्ट धरत नसतं." हे साफ चूक आहे. दलीप सिंग विरुद्ध पंजाब, १९५३. न्या. विवियन बोस यांनी त्यात लिहिलंय की जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराध माणसाला अडकवेल ही शक्यता सगळ्यात कमी. बोस आपले नागपूरचे, तिथे हायकोर्टाचे मुख्य न्यायाधीश होते, म्हणून मला या निकालाचा जरा जास्तच अभिमान आहे. नातेवाईकाची साक्ष कोर्ट बारकाईने तपासतं, पण फेकून देत नाही. आणि एकट्या माणसाच्या साक्षीवरसुद्धा शिक्षा होऊ शकते, साक्षीदार किती हवेत याचा आकडा कायद्यात नाही.

बाबांचा जबाब जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६४ खाली मॅजिस्ट्रेटपुढे झाला होता का?

कडुनिंब:

नाही, फक्त पोलिसांनी घेतला होता, दुसऱ्या दिवशी. सही पण घेतली नव्हती, त्याची बाबांना भीती वाटते की सहीच नाही तर तो जबाब खरा कसा.

काळाकोट:

सही घ्यायचीच नसते त्यावर, कायद्यानेच मनाई आहे, तेव्हा ती भीती काढून टाका. तुमची केस २०१८ ची, त्यामुळे १ जुलै २०२४ ला नवे कायदे आले तरी तुमचा खटला जुन्याच भारतीय दंड संहितेखाली चालणार, कलम ३०२.

पाटकरी:

पण सर, १६४ चा झाला असता तर बाबांना कोर्टात जायची गरजच नव्हती ना?

काळाकोट:

नाही नाही, हा गैरसमज सगळीकडे आहे. १६४ चा जबाब हा स्वतंत्र पुरावा नव्हे. साक्षीला दुजोरा म्हणून किंवा साक्षीदार फिरला तर त्याला तोंडावर दाखवायला त्याचा उपयोग. कोर्टात उभं राहून सांगावंच लागतं. फायदा एवढाच की शपथेवर मॅजिस्ट्रेटपुढे एकदा बोललेला माणूस सहजासहजी फिरत नाही, फिरला तर खोट्या साक्षीचा खटला मानेवर येतो.

सदाशिव_निवृत्त:

मी पोलीस खात्यातून उपनिरीक्षक म्हणून निवृत्त झालो. खुनाचे तपास केले, काही टिकले, काही कोर्टात पडले. पडलेले जास्त आठवतात.

गावातल्या खुनात सदर ठिकाणी पोहोचल्यापासून पहिले दोन दिवस माणसं खरं बोलतात. प्रेत समोर असतं, बाया रडत असतात, पोरगा कालपर्यंत डोळ्यासमोर हिंडत होता. तेव्हा जो सांगतो तो मनापासून सांगतो. दहाव्यापर्यंत आवाज खाली येतो. तेराव्याला लोक जेवून उठले की कुणीतरी "आता पुढं काय करायचं" म्हणून विषय काढतं आणि तिथून केस फुटायला लागते. मी नंतर नंतर तेराव्याच्या आत महत्त्वाच्या साक्षीदारांचे १६४ चे जबाब करून घ्यायचो. या केसमध्ये ते झालं नाही, हा तपासातला कमीपणा आहे, तुमच्या वडिलांचा नाही.

पंचांचंही तसंच. आम्ही गावातलेच दोन जण धरायचो, जे त्याच रस्त्याने रोज शेतावर जाणार. तो बिचारा कोर्टात काय बोलणार? आता गंभीर गुन्ह्यात सरकारी कर्मचारी पंच घेतात, नव्या संहितेत जप्तीचं चित्रीकरण आहे, सात वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात फॉरेन्सिकची माणसं घटनास्थळी आणायची तरतूद आहे. जेवढं वस्तू बोलतील तेवढं माणसावरचं ओझं कमी.

पिकअपवाल्याबद्दल मनात राग धरू नका असं सांगायचा मला अधिकार नाही. पण जखमी माणसाला गाडीत घालून नेणारा पहिला माणूस तोच होता.

मृदगंध:

सदाशिवकाका, "सदर ठिकाणी" वाचून हसू आलं, निवृत्त झालात तरी पंचनाम्याची भाषा सुटत नाही :) पण तेराव्याचं जे लिहिलंत ते वाचून अंगावर काटा आला, आमच्याकडे अक्षरशः हेच झालं होतं.

गणेशवाडी_कर:

मला एक कळत नाही, दोन्ही घरं बसून मिटवत का नाहीत? बांधासाठी आणखी दोन पिढ्या कोर्टात घालवायच्या का? त्यांची पोरं पण लहान आहेत.

काळाकोट:

खुनाच्या केसमध्ये तडजोड कायद्यातच नाही. चोरी, मारहाण यातलं काही आपसात मिटतं, खून नाही, कारण फिर्याद सरकारची असते. गावात "मिटलं" म्हणतात त्याचा अर्थ साक्षीदारांना फिरवलं, एवढाच.

गणेशवाडी_कर:

मान्य. पण सर, सूड थांबतो ना त्याने?

ओसरी:

यावर मला बोलायचंय. खूप विचार करून लिहितेय, तीनदा खोडलं.

मी दुसऱ्या बाजूची आहे. माझे काका आरोपी होते. वेगळी केस, वेगळा जिल्हा, पण अशीच भावकी. सगळे साक्षीदार फिरले आणि काका निर्दोष सुटले. मी तेव्हा नववीत होते. कोर्टातून आले त्या दिवशी घरात गुलाल होता आणि आजोबा मागच्या दाराने गोठ्यात जाऊन बसले ते रात्रीपर्यंत बाहेर आले नाहीत.

गणेशवाडीकर दादा, सूड थांबला असेल, पण काही मिटलं नाही. ज्याला मारलं त्याची आई आमच्या दारावरून पाण्याला जायची. ती आमच्या घरासमोर आली की घागर या कमरेवरून त्या कमरेवर घ्यायची, म्हणजे तोंड पलीकडे होईल. रोज. मी बारावी होऊन बाहेर पडेपर्यंत रोज पाहिलंय. आमच्या घरात त्या वेळेला कुणी ओट्यावर थांबायचं नाही. काकांनी घरात एकदाही सांगितलं नाही की मी केलं किंवा नाही केलं. आम्हाला माहीत होतं. ज्यांनी खोटी साक्ष दिली त्यांच्या उपकाराखाली आमचं घर आलं. त्यातल्या एकाच्या मुलासाठी माझं स्थळ आलं तेव्हा नाही म्हणायची घरात कुणाची हिंमत नव्हती. मी म्हटलं नाही, आणि त्यानंतर माहेर तुटलं.

काकांना शिक्षा झाली असती तर मला वाईट वाटलं असतं, खोटं कशाला बोलू. पण आजोबा माणसांत बसले असते.

मृदगंध:

ओसरी, काय लिहू कळत नाहीये. घागरीचं वाचून थांबलेच मी. तू हे इथे सांगितलंस यासाठी खूप मोठं काळीज लागतं.

कडुनिंब:

ओसरी ताई, तुमचा प्रतिसाद मी आईला वाचून दाखवला. तिने दोनदा वाचायला लावला.

मराठवाडी_माणूस:

हे फक्त बांधाच्या भांडणापुरतं नाही. नगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातलं खर्डा आठवा. एप्रिल २०१४, शाळकरी दलित मुलाला शाळेतून ओढत नेऊन मारलं. नोव्हेंबर २०१७ मध्ये सगळे आरोपी सुटले कारण साक्षीदार फिरले. दिवसाढवळ्या घडलेली गोष्ट आणि कोर्टात कुणी पाहिलेलीच नाही. जिथे जात आडवी येते तिथे साक्षीदाराच्या मागे गाव नसतंच, समोर असतं. भावकीत निदान आजीची माया तरी दोन्हीकडे असते.

आणि खैरलांजी. २९ सप्टेंबर २००६, एकाच घरातली चार माणसं. २००८ मध्ये भंडाऱ्याच्या कोर्टाने सहा जणांना फाशी आणि दोघांना जन्मठेप दिली, २०१० मध्ये नागपूर खंडपीठाने फाशीची २५ वर्षांची कैद केली. तिथे लोक राज्यभर रस्त्यावर आले होते. प्रत्येक खुनामागे असा मोर्चा निघणार नाही, तर मग बाकीच्यांनी काय करायचं?

रानवाट:

आणि शहरात तरी काय वेगळं आहे? जेसिका लालचा खून १९९९ मध्ये दिल्लीत भरलेल्या पार्टीत झाला. साक्षीदार फिरले, २००६ मध्ये आरोपी सुटला, मग लोक चिडले आणि त्याच वर्षी हायकोर्टाने दोषी ठरवलं. शहरात पैसा आणि सत्ता पाहून फिरतात, गावात शेजार पाहून.

पाटकरी:

साक्षीदार संरक्षणाची काहीतरी योजना आहे ना? काळाकोट सर?

काळाकोट:

आहे. साक्षीदार संरक्षण योजना २०१८. महेंद्र चावला खटल्यात ५ डिसेंबर २०१८ ला सर्वोच्च न्यायालयाने ती सगळ्या राज्यांना बंधनकारक केली. जिल्ह्याला एक समिती, अध्यक्ष जिल्हा व सत्र न्यायाधीश. अर्ज साक्षीदार स्वतः करू शकतो, घरचे करू शकतात, वकील करू शकतो. पोलीस उपअधीक्षकांकडून धोक्याचा अहवाल मागवतात, तो आल्यावर पाच कामाच्या दिवसांत निर्णय द्यायचा असतो. घराजवळ गस्त, कोर्टात ने-आण, इन-कॅमेरा म्हणजे बंद दाराआड साक्ष, असं बरंच काही मिळतं. तातडी असेल तर अहवालाआधीही संरक्षण देता येतं.

त्यातली मर्यादाही सांगतो, कारण शेवंताताईंचा मुद्दा खरा आहे. संरक्षण एका वेळी तीन महिन्यांपेक्षा जास्त नसतं. धोका पोलिसांच्या अहवालात बसला पाहिजे. ट्रॅक्टर न येणं त्यात बसवताना आमचीच दमछाक होते.

मात्र कुणी उघड धमकावलं तर ते सोडू नका. खोटी साक्ष दे म्हणून धमकावणं हा आज भारतीय न्याय संहितेच्या कलम २३२ खाली सात वर्षांपर्यंत शिक्षेचा गुन्हा आहे. आरोपी जामिनावर असतील तर जामीन रद्द करायचा अर्ज होतो. कुटुंबाला स्वतःचा वकील देऊन सरकारी वकिलांना मदत करता येते. आणि आरोपी सुटलेच तर तुमच्या दादाच्या वारसांना स्वतः अपील करायचा हक्क आहे, २००९ च्या दुरुस्तीपासून. "कोर्टाने सोडलं, संपलं" असं नसतं.

वाट_पाहणारा:

मी साक्ष दिलेला माणूस आहे. कायद्याचं वर आलंय, मी फक्त त्या दिवसाचं सांगतो, बाबांना उपयोगी पडेल.

आदल्या दिवशी सरकारी वकिलांना भेटा आणि आपला जबाब वाचायला मागा. मी मागितला नव्हता आणि सात वर्षांपूर्वी काय सांगितलं होतं ते आठवेना. पहिल्या तारखेला दिवसभर बसवून परत पाठवलं. खरंतर साक्षीदार हजर असेल तर विशेष कारणाशिवाय तहकूब करायचं नसतं, पण होतं असं, तयारी ठेवा. बाहेरच्या बाकावर आरोपीचे दोन भाऊ माझ्या समोर बसले होते. काही बोलले नाहीत. एकाने फक्त विचारलं, पोरगी आता कितवीला आहे.

माझे हात गार पडले होते. तेव्हा माझा शाळेतला मित्र शेजारी बसला होता, तो केसमध्ये कुणीच नव्हता, कामाचा खाडा करून आला होता. त्याने तोच प्रश्न त्यांना विचारला, तुमचा पोरगा कितवीला. मग ते उठून गेले.

उलटतपासात कोयता कुठल्या हातात होता, तुम्ही किती फुटांवर होता, उजेड किती होता, मध्ये तूर किती उंच होती, हे सगळं विचारतात. आठवत नसेल तर आठवत नाही म्हणा, ते उत्तर चालतं. अंदाजाने आकडा फेकू नका, तिथेच पकडतात. शेवटी वकील सूचना करतात, तुमचं आरोपीशी बांधावरून वैर आहे म्हणून खोटं सांगताय. तिथे चिडायचं नाही. "हे खरे नाही." एवढंच. माझ्या साक्षीच्या कागदावर "हे म्हणणे खरे नाही की" अशी ओळींमागून ओळी आहेत.

त्यानंतर गावात दोन वर्षं जड गेली. मग गेली तशीच सवय होऊन. ट्रॅक्टर मी तालुक्याहून आणायला लागलो.

शेवंता०७:

मित्र सोबत होता हे महत्त्वाचं आहे. माझे मामा एकटे गेले होते. आम्ही कुणीच गेलो नाही, मीही नाही. हे मला आत्ता लिहिताना पहिल्यांदा जाणवलं.

कडुनिंब, आधी किंमत सांगितली ती खरीच आहे. पण बाबा जाणार असतील तर त्यांच्यासोबत कोण जाणार ते आधी ठरवा.

कडुनिंब:

समन्स देव्हाऱ्यामागून बाहेर आलं. बाबांनी स्वतः काढलं. आम्ही काहीच बोललो नव्हतो. आईला म्हणाले, इस्त्रीचा सदरा काढून ठेव.

आजी काही म्हणाली नाही.

कडुनिंब:

आज साक्ष झाली. जबाब काल वाचून घेतला होता. उलटतपास दीड तास चालला. तूर किती उंच होती हे खरंच विचारलं! बाबा म्हणाले छातीपर्यंत, मी खोलीच्या पायरीवर होतो म्हणून मला वरून दिसलं. पायरीचं तर आम्हालाही माहीत नव्हतं. वैराच्या सूचनेला त्यांनी सांगितलं, हे खरे नाही, त्यांच्या मुंजीत मीच मामाच्या जागी उभा होतो. न्यायाधीशांनी मान वर करून पाहिलं.

मी आणि आई मागे बसलो होतो. पण बाहेरच्या बाकावर पाच तास आम्ही तिघंच होतो, समोर ते अकरा जण. पुढच्या तारखेला तपास अधिकाऱ्यांची साक्ष आहे, तेही आता निवृत्त झालेत, येतील का माहीत नाही. बाबा म्हणतायत त्या दिवशीही जाऊन बसायचं.

सदाशिव_निवृत्त:

समन्स आलं तर येतील, यावंच लागतं. वडिलांना माझा नमस्कार सांगा. जिल्हा कोणता ते मला निरोपातून कळवा. पेन्शनर माणूस आहे, दिवसभर बाकावर बसायला मला वेळ आहे.

वाट_पाहणारा:

मलाही कळवा ताई. तारीख आणि कोर्ट हॉल नंबर. साडेदहाच्या आत पोचलं तर बाकावर जागा मिळते.

शेवंता०७:

मी मामांना घेऊन येते. त्यांना विचारलं, हो म्हणाले.